इमारतीवर अशोकस्तंभ लावताना कायदा काय सांगतो? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नव्या कार्यालयाचे उद्घाटन तोंडावर आले की प्रवेशद्वाराच्या कमानीवर मधोमध काय लावायचे, यावर चर्चा होते आणि कोणीतरी सहज म्हणते, 'तीन सिंह लावू या, सरकारी काम आहे ना!' यामागची भावना आदराची असते. पण राजचिन्ह ही सजावटीची वस्तू नाही. ज्या भिंतीवर ते असते, त्या भिंतीमागे भारताचे शासन स्वतः बोलत आहे, असा त्याचा अर्थ होतो. म्हणून ते कोणी आणि कुठे लावायचे, हे कायद्याने ठरवलेले आहे. सरपंच, मुख्याध्यापक, कनिष्ठ अभियंते, कंत्राटदार, फलक बनवणारे कारागीर आणि जागरूक नागरिक यांना पडणाऱ्या प्रश्नांची ही उत्तरे.

यासाठी नेमका कायदा कोणता आहे?

दोन गोष्टी एकत्र वाचाव्या लागतात. एक, भारताचे राजचिन्ह (अनुचित वापरास प्रतिबंध) अधिनियम, २००५. दुसरी, त्याखाली केंद्र सरकारने केलेले २००७ चे वापर-नियमन नियम. या नियमांत २०१० मध्ये दुरुस्तीही झाली. अधिनियम मनाई आणि शिक्षा सांगतो, तर मुभा कोणाला आणि कुठे आहे ते नियमांत सापडते. इमारतींचा नियम दुसऱ्या कागदात आहे. नुसता अधिनियम वाचून 'यात इमारतीबद्दल बंदी दिसत नाही' असे म्हणणारे लोक इथेच फसतात.

याआधीचा १९५० चा बोधचिन्हे व नावे यांच्या गैरवापराविरुद्धचा कायदाही लागू आहे. त्याचा रोख व्यापारी वापराकडे आहे. आपल्या वाचकांसाठी एक नोंद: धंद्यासाठी विनापरवाना वापरता येणार नाहीत अशा गोष्टींच्या त्या कायद्यातील यादीत छत्रपती शिवाजी महाराजांचे नाव आणि चित्रही आहे.

राजचिन्हात नेमके काय काय असते?

भारताने राजचिन्ह स्वीकारले ते २६ जानेवारी १९५० रोजी. सारनाथ येथील अशोककालीन स्तंभशीर्षावरून ते घेतलेले आहे. मूळ शिल्प सारनाथच्या संग्रहालयात आहे. मूळ शिल्पात पाठीला पाठ लावून बसलेले चार सिंह आहेत. त्यांच्याखालच्या गोल बैठकीवर हत्ती, धावता घोडा, बैल आणि सिंह कोरलेले असून प्रत्येक दोघांच्या मध्ये धर्मचक्र आहे. ही बैठक घंटेच्या आकाराच्या कमळावर टेकलेली आहे.

राजचिन्ह म्हणजे या शिल्पाचे समोरून दिसणारे रूप. अधिनियमाच्या अनुसूचीत त्याचे वर्णन शब्दांत दिले आहे: तीन सिंह, बैठकीच्या मध्यभागी धर्मचक्र, उजवीकडे बैल, डावीकडे धावता घोडा आणि दोन्ही टोकांना धर्मचक्रांच्या कडा. खालचे कमळ मुद्दाम वगळलेले आहे. आकृतीखाली देवनागरीत 'सत्यमेव जयते'. हे बोधवाक्य मुंडक उपनिषदातले आहे आणि ते राजचिन्हाचाच भाग आहे, खाली जोडलेली वेगळी ओळ नव्हे. बोधवाक्य नसेल तर ते राजचिन्ह अपुरे ठरते.

उजवे-डावे हे बघणाऱ्याच्या बाजूने मोजायचे. तुम्ही चिन्हासमोर उभे राहिलात की बैल तुमच्या उजव्या हाताला हवा.

कोणत्या इमारतींवर राजचिन्ह लावता येते?

यादी लोकांना वाटते त्यापेक्षा खूपच लहान आहे. नियमांतील शब्द आहेत 'अतिशय महत्त्वाच्या सार्वजनिक इमारती', आणि उदाहरणे आहेत राष्ट्रपती भवन, संसद भवन, सर्वोच्च न्यायालय आणि केंद्रीय सचिवालयाच्या इमारती.

राज्यांमध्ये राजभवन किंवा राजनिवास, विधिमंडळ, उच्च न्यायालय आणि सचिवालय यांच्या इमारती. आपल्याकडे सचिवालय म्हणजे मंत्रालय. त्यालाही एक अट आहे: त्या राज्याने किंवा केंद्रशासित प्रदेशाने भारताचे राजचिन्ह स्वतःचे चिन्ह म्हणून स्वीकारलेले हवे, किंवा आपल्या राज्यचिन्हात ते समाविष्ट केलेले हवे.

देशाबाहेर भारताचे दूतावास, तेथील राजदूतांची निवासस्थाने, वाणिज्य दूतावासांची प्रवेशद्वारे आणि त्यांच्या प्रमुखांची निवासस्थाने.

इमारतींपुरती यादी इथे संपते. तहसील कार्यालय, पंचायत समिती, पोलीस ठाणे, शासकीय रुग्णालय, बस स्थानक, शाळा यांपैकी कशाचाही तिच्यात उल्लेख नाही.

पण नियमात 'यांसारख्या इमारती' असे शब्द आहेत. मग जिल्हाधिकारी कार्यालय त्यात का बसणार नाही?

हा प्रश्न प्रशासनातले लोकच विचारतात आणि तो रास्त आहे. 'यांसारख्या' म्हटल्याने केंद्राच्या इमारतींची यादी पूर्ण बंद होत नाही, हे खरे. पण दिलेली उदाहरणे कोणत्या पातळीची आहेत ते पाहा. राष्ट्रपती, संसद, सर्वोच्च न्यायालय. कायद्याचा अर्थ लावताना मोघम शब्द हा त्याच्याजवळच्या ठोस शब्दांच्या जातीचाच मानतात. त्यातून राज्यांसाठीच्या वाक्यात 'यांसारख्या' हा शब्दच नाही. तिथे चार प्रकार मोजून सांगितले आहेत.

म्हणून माझे मत स्पष्ट आहे: जिल्हा आणि तालुका पातळीवरच्या कार्यालयांनी या शब्दाचा आधार घेऊ नये. फारच गरज वाटली तर विभागामार्फत केंद्रीय गृह मंत्रालयाकडून लेखी उत्तर मागवावे आणि ते येईपर्यंत थांबावे.

आमच्या कार्यालयाच्या लेटरहेडवर आणि शिक्क्यावर राजचिन्ह आहे. मग भिंतीवर का नाही?

सगळ्यात जास्त गोंधळ याच ठिकाणी होतो, म्हणून थोडे सविस्तर.

नियमांनी राजचिन्हाच्या वापराचे वेगवेगळे कप्पे केले आहेत: अधिकृत शिक्का, कार्यालयीन कागद, वाहने, इमारती आणि इतर कारणे. एका कप्प्यातली परवानगी दुसऱ्यात चालत नाही. शिक्का आणि कागद यांचा कप्पा सर्वांत मोठा आहे. त्यात राष्ट्रपतींपासून केंद्र आणि राज्यांच्या विभागांपर्यंत, न्यायाधीश आणि न्यायालयीन कार्यालये, निवडणूक आयोग, खासदार, आमदार असे बरेच जण येतात. वाहनांची यादी त्याहून पुष्कळ लहान आहे. इमारतींचा कप्पा तर मोजक्या नावांचा.

यामागे कारण आहे. कागद एका विशिष्ट व्यवहारापुरता असतो. त्यावर सही असते, तारीख असते, जावक क्रमांक असतो आणि त्याची जबाबदारी एका अधिकाऱ्यावर असते. भिंतीवरचे चिन्ह मात्र रात्रंदिवस, येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला 'ही शासनाच्या सर्वोच्च अंगांपैकी एकाची जागा आहे' असे सांगत राहते. प्रत्येक कार्यालयाच्या दारावर ते आले तर ते काहीच सांगणार नाही.

तेव्हा लेटरहेडवरची आकृती स्कॅन करून फलकवाल्याला पाठवण्यापूर्वी विचार करा. तुम्हाला मिळालेली परवानगी कागदापुरती आहे.

ग्रामपंचायत, पंचायत समिती, जिल्हा परिषद, नगरपालिका यांचे काय?

इथे संशयाला जागाच नाही. नियमांत अधिकार न दिलेल्या संस्था मोजून सांगितल्या आहेत: आयोग वा समित्या, सार्वजनिक उपक्रम, बँका, नगरपालिका, पंचायत राज संस्था, परिषदा, स्वयंसेवी संस्था आणि विद्यापीठे. नियमांनी वेगळा अधिकार दिला असल्याखेरीज यांपैकी कोणीही राजचिन्ह कोणत्याही प्रकारे वापरायचे नाही. 'कोणत्याही प्रकारे' यात कमान, फलक, गेट, दर्शनी भिंत, सभागृहातील व्यासपीठामागची भिंत हे सगळे येते.

सरपंच किंवा नगरसेवक लोकांनी निवडून दिलेले आहेत, त्यांचे पद घटनेतल्या तरतुदींमुळे उभे आहे, मग त्यांना का नाही, असा प्रश्न येतो. त्यांच्या लोकशाही मानाबद्दल वाद नाही. पण शिक्का-कागदाच्या यादीत खासदार आणि आमदार आहेत, नगरसेवक आणि पंचायत सदस्य नाहीत. कायदा आज तसा आहे आणि तो बदलेपर्यंत तसाच पाळायचा.

मग ग्रामपंचायतीने किंवा पालिकेने कमानीवर काय लावावे?

आपले स्वतःचे चिन्ह. मुंबई महानगरपालिकेचेच पाहा. तिला स्वतःची मुद्रा आहे आणि 'यतो धर्मस्ततो जयः' हे स्वतःचे बोधवाक्य आहे. ती मुद्रा पाहिली की ही पालिका आहे हे कोणालाही कळते. गावाच्या चिन्हात गावची नदी, बंधारा, गड, मुख्य पीक, जुने देऊळ किंवा वेस येऊ शकते. शाळेतल्या मुलांकडून चित्रे मागवून ग्रामसभेत त्यातले एक निवडावे. असे चिन्ह गावाला आपले वाटते आणि त्यासाठी कोणाची परवानगी लागत नाही. एवढी काळजी घ्या की ते राजचिन्हाची नक्कल वाटणार नाही. तीन सिंहांऐवजी तीन बैल बसवून बाकी रचना तशीच ठेवली तर ते अनुकरणात मोडू शकते आणि अधिनियमाचे कलम ३ फसव्या अनुकरणालाही लागू होते.

नाव मात्र ठळक अक्षरांत हवे. 'ग्रामपंचायत कार्यालय', खाली तालुका आणि जिल्हा. लोकांना कार्यालय शोधायला त्याचाच उपयोग होतो.

शाळेच्या भिंतीवर अशोकस्तंभ रंगवला तर?

वर्गात राष्ट्रीय प्रतीकांची माहिती देणारा तक्ता आणि शाळेच्या दर्शनी भागावर नावाच्या वर काढलेले राजचिन्ह यांत फरक आहे. शालेय पुस्तकांत, इतिहास-कला-संस्कृतीवरील पुस्तकांत किंवा नियतकालिकांत मजकूर समजावण्यासाठी राजचिन्ह छापायला नियमांनी मुभा दिली आहे. मात्र ते प्रकाशन सरकारी आहे असे वाटेल अशा रीतीने मुखपृष्ठावर येता कामा नये. हाच विचार भिंतीला लावावा असे मी सुचवेन. आतल्या भिंतीवर सारनाथची माहिती, प्राण्यांची नावे, चक्राचा अर्थ यांसह चित्र असेल तर तो धडा झाला. गेटवर चिन्ह आले की तो फलक झाला, आणि फलकाला परवानगी नाही.

मुलांनी वहीत किंवा चित्रकलेच्या तासाला ते काढावे, जरूर काढावे. त्यातून कोणाला शासनाचा भास होत नाही.

उच्च न्यायालयाला परवानगी आहे. जिल्हा न्यायालयाला?

इमारतींच्या नियमात नाव उच्च न्यायालयांचे आहे. मुंबई उच्च न्यायालयाचे काम मुंबईबरोबरच नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोवा आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथेही चालते. ही सर्व त्याच एका न्यायालयाची आसने आहेत. जिल्हा आणि तालुका न्यायालयांना शिक्का आणि कागदासाठी वापर आहे, इमारतीच्या यादीत मात्र ती नाहीत. नवी न्यायालयीन इमारत बांधताना हा निर्णय बांधकाम विभागाने किंवा वास्तुविशारदाने स्वतःहून घेऊ नये. उच्च न्यायालय प्रशासनाकडून लेखी सूचना घ्यावी.

आमदार किंवा माजी मंत्री आपल्या बंगल्यावर राजचिन्ह लावू शकतात का?

नाही. विद्यमान आमदार-खासदारांना कार्यालयीन कागदावर वापराची मुभा आहे, घराच्या पाटीवर नाही. भारताबाहेर राजदूतांच्या आणि वाणिज्य दूतावास प्रमुखांच्या निवासस्थानांना जी मुभा आहे ती तिथे भारताचे प्रतिनिधित्व होते म्हणून. मतदारसंघातल्या संपर्क कार्यालयाची पाटीही या यादीत येत नाही.

'माजी' झालेल्यांसाठी तर दार पूर्ण बंद आहे. माजी मंत्री, माजी खासदार, माजी आमदार, माजी न्यायाधीश, निवृत्त अधिकारी असे शब्द नियमांत स्पष्ट आहेत. त्यांनी कागदावरही वापर थांबवायचा. आणखी एक बारीक गोष्ट: ज्यांना वापर आहे त्यांच्याही लेटरहेडवर किंवा भेटपत्रावर राजचिन्हासोबत 'अधिवक्ता', 'संपादक', 'सनदी लेखापाल' असा व्यवसाय लिहायचा नाही. सार्वजनिक पद आणि खाजगी धंदा एका कागदावर आणू नयेत, हा त्यामागचा हेतू, आणि तो मला अगदी योग्य वाटतो.

कोनशिला, स्वागत कमान, भूमिपूजनाचा फ्लेक्स यांवर चालेल का?

इमारतींच्या नियमात कोनशिलेला वेगळी सूट नाही. भिंतीत बसवलेली संगमरवरी पाटी ही त्या इमारतीवरचेच प्रदर्शन आहे, तात्पुरती गोष्ट नव्हे. ज्या इमारतीला राजचिन्ह लावता येत नाही तिच्या कोनशिलेवरही ते कोरू नये, हेच सुरक्षित आणि सभ्य. योजनेचे नाव, निधीचा तपशील, दिनांक एवढे पुरे.

फ्लेक्सची गोष्ट जास्त गंभीर आहे. वर राजचिन्ह, खाली पंधरा-वीस कार्यकर्त्यांचे हसरे चेहरे आणि वाढदिवसाच्या शुभेच्छा, असा फलक शासनाचा असल्याचा भास निर्माण करतो. कलम ३ मध्ये नेमकी हीच मनाई आहे.

माप, रंग, धातू याबद्दल काय नियम आहे?

अनुसूचीला दोन परिशिष्टे जोडलेली आहेत. पहिल्यातील आकृती सोपी केलेली आहे. ती लहान आकारासाठी, म्हणजे कागद, शिक्के, ठसे यांसाठी. दुसऱ्यातील आकृती बारकाव्यांसह आहे आणि मोठ्या आकारासाठी आहे. इमारतीवर दुसरी वापरायची. लेटरहेडची लहान आकृती ताणून सहा फुटांची केली की आयाळीच्या जागी नुसत्या रेघा उरतात आणि चक्राचे आरे एकमेकांत मिसळतात.

अनुसूचीत फूट-इंच दिलेले नाहीत. बंधन आहे ते आकृतीशी जुळण्याचे. त्यामुळे लांबी-रुंदीचे प्रमाण बिघडवून चौकटीत कोंबणे चूक. लेसरने पत्रा कापून घेणार असाल तर कारागिराला इंटरनेटवरची कोणतीही फाइल देऊ नका. अधिनियमाच्या परिशिष्टातील आकृती द्या आणि कापण्याआधी पूर्ण आकाराचा कागदी नमुना भिंतीवर लावून खालून बघा.

नेहमी होणाऱ्या चुका कोणत्या?

पहिली, बोधवाक्य गाळणे. जागा पुरली नाही, अक्षरे कापताना तुटत होती, अशी कारणे सांगितली जातात. जागा पुरत नसेल तर सगळी आकृती लहान करायची.

दुसरी, बैल आणि घोड्याची अदलाबदल. स्टेन्सिल उलटे धरले किंवा काचेच्या दारावर आतल्या बाजूने चिकटपट्टी लावली की हे हमखास होते. अक्षरे उलटी दिसतात म्हणून ती पुन्हा सरळ लावली जातात, प्राण्यांकडे कोणी पाहत नाही.

तिसरी, शुद्धलेखन. 'सत्यमेव जयते' हे दोन शब्द. 'सत्य मेव' असे तोडलेले, 'जयेते' असे लिहिलेले फलक दिसतात. देवनागरी आपली रोजची लिपी आहे, मराठी माणसाकडून ही चूक होऊ नये.

चौथी, वाढीव कलाकुसर: सिंहांमागे सूर्यकिरण, खाली कमळ, भोवती दिव्यांची माळ, तिरंगी रंगात रंगवलेले सिंह. आवड कितीही असली तरी अनुसूचीतील आकृतीत यांतले काहीही नाही.

नव्या संसद भवनावरचे सिंह वेगळे दिसतात, असा वाद झाला होता. त्याचा निकाल काय लागला?

११ जुलै २०२२ रोजी नव्या संसद भवनाच्या माथ्यावरील कांस्य राजचिन्हाचे अनावरण झाले. उंची ६.५ मीटर, वजन ९,५०० किलो आणि त्याला आधार देणारा सुमारे ६,५०० किलोचा पोलादी सांगाडा. ते घडवणाऱ्यांत महाराष्ट्राचे शिल्पकार सुनील देवरे आणि राजस्थानचे लक्ष्मण व्यास यांचा सहभाग होता. सिंहांचे जबडे आणि दात उग्र दिसतात, सारनाथची शांत मुद्रा राहिली नाही, असा आक्षेप आला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. ३० सप्टेंबर २०२२ रोजी न्या. एम. आर. शहा आणि न्या. कृष्ण मुरारी यांच्या खंडपीठाने याचिका फेटाळली. २००५ च्या अधिनियमाचा भंग होत नाही आणि कोणाला काय भास होतो हे बघणाऱ्याच्या मनावर अवलंबून आहे, असे न्यायालयाने म्हटले.

या निकालाचा चुकीचा आधार घेतला जातो, म्हणून सांगतो. ती इमारत परवानगीच्या यादीत आधीपासूनच होती. वाद होता तो घडणीचा. 'न्यायालयाने फरक चालवून घेतला, मग आमच्या गेटवरचे का नाही', या म्हणण्याला त्यातून काहीच बळ मिळत नाही. शिवाय ते चहूबाजूंनी घडवलेले पूर्ण शिल्प आहे, त्यामुळे तिथे चौथा सिंहही असणारच. सपाट फलकावर तीनच दिसले पाहिजेत.

राज्यांची स्वतःची चिन्हे असतात ना? महाराष्ट्राचे कोणते?

महाराष्ट्र शासनाच्या मुद्रेत मध्यभागी समई आहे आणि भोवती शिवरायांच्या राजमुद्रेच्या धर्तीवर रचलेले बोधवाक्य: 'प्रतिपच्चंद्रलेखेव वर्धिष्णुर्विश्ववंदिता महाराष्ट्रस्य राज्यस्य मुद्रा भद्राय राजते'. काही राज्यांनी सारनाथचे सिंह आपल्या चिन्हात घेतले आहेत. केरळच्या चिन्हात दोन हत्तींसोबत ते आहेत, कर्नाटकात गंडभेरुंड या दोन तोंडांच्या पौराणिक पक्ष्याच्या वर. तमिळनाडूच्या चिन्हात सिंहांमागे मंदिराचे गोपुर आहे आणि बोधवाक्य तमिळमध्ये आहे. नियम येण्यापूर्वीपासून असलेली अशी चिन्हे चालू ठेवता येतात. नव्याने समाविष्ट करायचे असेल तर केंद्राची पूर्वपरवानगी आणि आराखड्याला मंजुरी लागते. राजचिन्ह जसेच्या तसे राज्याचे म्हणून स्वीकारायला मात्र मंजुरी लागत नाही.

राज्याची मुद्रा ही राज्य शासनाची आहे, गावाची किंवा संस्थेची नव्हे. सिंह चालत नाहीत म्हणून समई लावली, तर तोच प्रश्न दुसऱ्या दाराने आत येतो.

तिरंगा सगळ्यांना फडकवता येतो. मग राजचिन्हालाच एवढी बंधने का?

कारण दोघांचे काम वेगळे आहे. राष्ट्रध्वज राष्ट्राचा, म्हणजे आपल्या सर्वांचा. जानेवारी २००४ मध्ये नवीन जिंदाल यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नागरिकाला सन्मानाने ध्वज फडकवण्याचा हक्क असल्याचे मान्य केले. जुलै २०२२ च्या दुरुस्तीनंतर नागरिकांना तो घरावर दिवसरात्र ठेवता येतो. राजचिन्ह मात्र शासनाची अधिकृत मुद्रा आहे. अधिनियमातली व्याख्याच 'शासनाची अधिकृत मुद्रा म्हणून वापरायचे' अशी आहे. ते दुसऱ्याने वापरणे म्हणजे अधिकार नसताना शासनाच्या नावाने बोलणे.

आपल्या ग्रामपंचायतीला, शाळेला, सोसायटीला देशाबद्दलचा आदर दाखवायचा असेल तर ध्वजसंहितेनुसार तिरंगा फडकवा. त्यासाठी कोणाकडे जावे लागत नाही.

दुकान, संस्था, 'मानवाधिकार' संघटना यांच्या पाट्यांवर दिसते ते?

बेकायदा. व्यापार, धंदा, पेशा यांसाठी वापराला कलम ४ ची मनाई आहे आणि राजचिन्ह असलेल्या व्यापारचिन्हाची किंवा संस्थेची नोंदणीही करता येत नाही. सामान्य माणसाला याची सर्वांत जास्त झळ बसते. तीन सिंहांची पाटी पाहून तो चौकशी न करता ओळखपत्राचे आणि 'नोंदणी'चे पैसे भरतो. कार्यालय सरकारी आहे की नाही हे पाटीवरून ठरवू नका. शासन आदेश, विभागाचे नाव आणि अधिकाऱ्याचे पदनाम विचारा.

परदेशातील महाराष्ट्र मंडळाच्या सभागृहात लावता येईल का?

नाही. हा अधिनियम भारताबाहेर असलेल्या भारतीय नागरिकांनाही लागू आहे. दूतावासाने सहकार्य केलेला कार्यक्रम असला तरी मंडळाच्या फलकावर किंवा पत्रकावर मंडळाने ते स्वतःहून छापू नये.

शिक्षा काय आहे?

कलम ३ चा भंग केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. एकदा शिक्षा झाल्यावर पुन्हा तोच गुन्हा केला तर किमान सहा महिने आणि जास्तीत जास्त दोन वर्षे कैद, सोबत ५,००० पर्यंत दंड. गैरफायद्यासाठी, म्हणजे धंद्यात वापरले, तर पहिल्याच वेळी किमान सहा महिने कैद. दंडाची रक्कम आजच्या काळात फारच कमी आहे, हे माझे मत आहे. पण कैदेची तरतूद किरकोळ नाही.

खटला भरण्यापूर्वी केंद्र सरकारची किंवा त्याने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याची मंजुरी लागते. त्यातून शिक्षा तीन वर्षांपेक्षा कमी असल्याने हा गुन्हा सर्वसाधारण वर्गवारीनुसार अदखलपात्र (न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलिसांना ज्याचा तपास करता येत नाही असा) आणि जामीनपात्र ठरतो. पोलिसांनी लगेच गुन्हा नोंदवला नाही म्हणून ते टाळाटाळ करत आहेत असे धरू नका.

राष्ट्रीय प्रतिष्ठेच्या अवमानाचा १९७१ चा कायदा इथे लागतो का?

त्या कायद्यात राष्ट्रध्वज, संविधान आणि राष्ट्रगीत यांचा उल्लेख आहे, राजचिन्हाचा नाही. तक्रार लिहिताना चुकीचा कायदा टाकला की ती पहिल्याच टेबलावर अडकते. २००५ चा अधिनियम लिहा.

चुकीचा वापर दिसला तर कोणाला कळवावे?

आधी त्या कार्यालयाच्या प्रमुखाला साधे पत्र द्या. छायाचित्र जोडा, अधिनियमाचे आणि २००७ च्या नियमांचे नाव लिहा, पोच घ्या. बहुतेकांना नियम माहीत नसतो. तो समजला की फलक बदलायला ते तयार होतात. ग्रामपंचायत असेल तर गटविकास अधिकारी, नगरपालिका असेल तर मुख्याधिकारी. उत्तर आले नाही तर जिल्हाधिकारी, राज्याचा गृह विभाग आणि केंद्रीय गृह मंत्रालय. 'आपले सरकार' संकेतस्थळावरूनही तक्रार करता येते. राजचिन्ह लावण्याची परवानगी कोणी दिली त्या आदेशाची प्रत माहिती अधिकारात मागता येते. उत्तराची मुदत ३० दिवस. परवानगीच नसेल तर तसे लेखी उत्तर येते आणि पुढच्या तक्रारीला तेच पुरते.

समाजमाध्यमावर फोटो टाकून सरपंचाला देशद्रोही ठरवू नका. नियम मोडला गेला आहे, देश नव्हे.

ब्रिटिशकालीन इमारतींवरची राजचिन्हे काढावीत का?

२००५ चा अधिनियम फक्त अनुसूचीतील चिन्हापुरता आहे. जुन्या दगडी इमारतींवरचे कोरीवकाम वारसा म्हणून जपले जाते. मुंबईचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस २००४ पासून जागतिक वारसा यादीत आहे, ओव्हल मैदानाभोवतीचा इमारतसमूह २०१८ पासून. तिथे छिन्नी लावण्याचा अधिकार कोणत्याही उत्साही मंडळाला नाही.

आमच्या इमारतीवर चुकून लावलेले आहे. आता काय करावे?

मासिक सभेत किंवा कार्यालयीन टिप्पणीवर तसा निर्णय नोंदवा आणि काढून घ्या. काढताना रंगाचा फराटा मारून किंवा अर्धवट तोडून ठेवू नका. पाटी पूर्ण उतरवा, भिंत नीट करा. धातूची पाटी भंगारात अखंड विकली तर ती उद्या दुसऱ्या कोणाच्या तरी गेटवर लागेल, म्हणून ती आधी वितळवून किंवा ओळखू येणार नाही अशी कापून घ्या आणि तशी नोंद साठा रजिस्टरला करा. नव्या फलकाच्या अंदाजपत्रकात 'राजचिन्ह' ही बाब कुठून आली होती तेही तपासा. जुन्या कामाची नक्कल करताना ती तशीच पुढे येते, आणि तिथून ती खोडली नाही तर पुढच्या इमारतीवर पुन्हा तेच होते.